कापायचं ते काय? : कोकणातल्या गावांच्या मुंबई मंडळांना खुलं पत्र

सप्रेम नमस्कार.

राजापूर-लांज्यापासून देवगड-वेंगुर्ल्यापर्यंतच्या गावांची मुंबईत जेवढी ग्रामस्थ मंडळं आहेत, कुणाची खोली परळला, कुणाची लालबागला, कुणी आता दिवा-विरारकडे सरकलेलं, त्या सगळ्यांच्या अध्यक्षांना, सेक्रेटरींना, खजिनदारांना आणि काही काम नको म्हणून 'सल्लागार' करून ठेवलेल्या सगळ्या काकांना हे पत्र आहे. त्यातल्या एका मंडळाला ते जरा जास्त लागू आहे. नाव लिहीत नाही. त्यांना वाचताच कळेल. बाकीच्यांनाही हे आपल्यालाच लिहिलंय असं वाटलं, तर माझी काही तक्रार नाही.

मी माहितीपट करते. गावात सांगितलं की पहिला प्रश्न ठरलेला, "टीव्हीवर कधी लागणार?" लागणार नसतो. मग दुसरा, "मग पैसे कोण देतं?" कुणी देत नाही. मे महिन्यात लग्नं शूट करते, थंडीत प्री-वेडिंग. नवरा-नवरीला आरे-वारेच्या किनाऱ्यावर हातात हात घालून सात-आठ वेळा पळवलं की एका जत्रेचा खर्च निघतो. त्या पैशांवर गेली अठरा-एकोणीस वर्षं शिमगे, जत्रा, रापणीची मासेमारी, देवापुढची गाऱ्हाणी असं जे जे सापडेल ते टिपत आलेय. मुंबईत तुम्ही मला 'मॅडम' म्हणता. गावात मी 'शूटिंगवाली बाय'. मला दुसरं जास्त आवडतं, त्यात चहा लगेच मिळतो.

तर झालं असं. या मंडळाचा सुवर्णमहोत्सव आहे. गावचा शिमगा त्यांनी मला टिपायला सांगितला. मी होळीच्या आठ दिवस आधी गेले आणि पालखी देवळात परत बसल्यावर पाच दिवसांनी निघाले. एक तास बावन्न मिनिटांची फिल्म झाली. ती दाखवायला मी लालबागच्या एका खोलीत गेले. भिंतीवर पांढरी चादर, प्रोजेक्टर कुणाच्या तरी ऑफिसातला, वेफर्स, चहा. पहिली वीस मिनिटं लोक आपापली माणसं शोधत होते. "तो बघ आमचा मधला," "अरे ही तर आपली सरपंचीण." नंतर शांतता. संपल्यावर टाळ्या वाजल्या, आणि मग एक कागद आला.

कागदावर लिहिलं होतं, वीस मिनिटांत बसवा. सुरुवातीला ड्रोन. देणगीदारांची नावं. आणि खाली काय काय कापायचं त्याची यादी. एक, फाका. दोन, मानाच्या वादाचा भाग. तीन, नमनातला (म्हणजे शिमग्यातल्या गाण्या-नाचाच्या खेळातला) बुवा विसरतो तो भाग. चार, घरातलं, स्वयंपाकाचं आणि किल्ल्यांचं. "हे सगळीकडे तसंच असतं, मॅडम."

मी कागद घेतला, 'बघते' म्हटलं आणि निघून आले. त्याला आता दोन महिने झाले. बघितलं. त्याचं उत्तर इथे देतेय, कारण असाच कागद थोड्याफार फरकाने मला आजवर पाच-सहा मंडळांकडून मिळालाय.

मानाच्या वादाबद्दल फार बोलत नाही. पालखी वाटेत वीस मिनिटं थांबली, पहिला खांदा कुणाचा यावरून. दोन घरं, जुनं प्रकरण. तुम्हाला वाटतं यात गावाची बदनामी आहे. मला त्यात गावची वाटणी कशी झाली, कोण कुठून येऊन वसलं, कुणाला कधी बाजूला केलं, हे सगळं ऐकू आलं. पण दोन्ही घरांतल्या मोठ्यांनी येऊन सांगितलं की नको, तर तो भाग मी काढीन. तो त्यांचा निर्णय आहे. कमिटीचा नाही.

फाकांचं थोडं वेगळं आहे. शिमग्यात होमाभोवती फिरताना वर्षभर पोटात साठलेलं सगळं ओरडून बाहेर काढायचं आणि शेवटी सगळ्यांनी मिळून होलियो म्हणायचं, ही रीत तुमच्या पणजोबांच्याही आधीची. शब्द वाह्यात असतात, हे मला तुम्ही सांगायला नको, मी त्या होमाच्या बाजूलाच उभी होते. दोन ठिकाणी गावातल्या बाईचं नाव घेऊन ओरडलंय. ते मी स्वतःच आधी कापलं, तुमच्या कागदाच्याही आधी. पण बाकीचं? सुवर्णमहोत्सवाला पाहुणे येणार, आमदार येणार, म्हणून गाव आयुष्यात कधी शिवी देत नाही असं दाखवायचं? मंडळातल्या ज्या काकांनी हा मुद्दा सगळ्यात जोरात मांडला, ते त्या रात्री होमापाशी कुठे उभे होते आणि काय ओरडत होते, ते माझ्याकडे आहे. काळजी नसावी, कुणाला दाखवणार नाही.

आता बुवाचं.

नमनात सुरुवातीला देवादिकांची आणि गावच्या ठिकाणांची नावं घेत जातात, ते तुम्हाला माहीतच आहे. तुमच्या गावचा बुवा ऐंशीच्या घरातला. गळा अजून खणखणीत. एका जागी तो अडकला. ओळ आलीच नाही. मृदंगावरचा मुलगा हुशार, त्याने हात थांबवला नाही. बुवाने तीच मागची ओळ परत घेतली, पुन्हा अडकला. मग मागून, माणसांच्या गर्दीतून, एक म्हातारा आवाज आला. अर्धाच शब्द. बुवाने मान हलवली, तो शब्द उचलला आणि पुढे गेला. सगळं मिळून चाळीस सेकंद.

तुम्ही म्हणालात, "विसरला हे दाखवायचं म्हणजे त्याचा अपमान." मला पटलं असतं, पण मी बुवाला विचारलं होतं. नमन संपल्यावर तो मृदंगाशेजारी विडी ओढत बसला होता. मी म्हटलं, तुम्ही अडकलात ते ठेवू की काढू? तो हसला. म्हणाला, "ठेव गो. असाच शिकलंव मी." त्याला त्याचा गुरू कधी समोर बसवून शिकवत नव्हता. वीस वर्षं मागे उभं राहून ऐकायचं, आणि पुढचा अडकला की अर्धा शब्द द्यायचा. ज्याला तो अर्धा शब्द देता आला, तो पुढे बुवा झाला. नमनाची शाळा असते ती एवढीच. ही शाळा मला इतक्या वर्षांत कॅमेऱ्यात फक्त एकदा सापडली, आणि तीच तुमच्या यादीत तीन नंबरला आहे.

त्या दिवशी मी जिना उतरत असताना तुमच्यातलेच एक जण मागून आले. त्या कागदाला हात वर करून होकार देणाऱ्यांत तेही होते, मी पाहिलं होतं. इकडेतिकडे बघितलं आणि हळूच म्हणाले, "मॅडम, तो मागून आवाज देतो ना, तो आमचा म्हातारा. आता नाय तो. तेवढं मला व्हॉट्सअॅपवर पाठवाल?" मी म्हटलं, पाठवते, साफ करून पाठवते, मध्ये खोकल्याचा आवाज आहे. तर म्हणाले, "खोकला राहूदे. तो त्याचाच."

रात्रीच पाठवलं. पण कमिटीच्या कागदावर अजूनही तीन नंबर तसाच आहे.

मला असे फोन वर्षाला दहा-बारा येतात. माणूस गेला की दहाव्या-बाराव्याच्या सुमारास फोन. "तुम्ही त्या वर्षी आला होतात ना, त्यात आमची आजी कुठे आहे का? बोलताना असेल तर बरं. फोटो आहेत, आवाज नाही." मग मी रात्र रात्र जुनं चाळत बसते. कधी सापडतं, बरेचदा सापडत नाही, कारण जिथे आजी बोलत होती तिथे मला कुणीतरी 'हे कशाला घेतेस, तिकडे पालखी निघाली' म्हणून ओढून नेलेलं असतं. आणि मी गेलेली असते. ती चूक माझी. सुरुवातीची पाच-सहा वर्षं मीही पालखीमागेच धावले. पालखी नाहीशी होणार म्हणून घाईघाईने टिपत होते.

पालखीला काही झालं नाही. उलट वाढली. देवाची रूपं, म्हणजे मुखवटे, नव्याने घडवली, पालखी बसते त्या सहाणेवर टाइल्स आल्या, ढोल बारा होते ते तीस झाले, वर ड्रोन आला. जत्राही वाढल्या. सिंधुदुर्गात दशावतारी नाटकांना आता 'ट्रिकसीन' म्हणून वेगळी गर्दी होते. मंचावर धूर, विजा, राक्षसाचं मुंडकं उडतं. वाईट काही नाही, लोक येतात, कंपन्यांची पोटं भरतात. पण संध्याकाळी पाच वाजता 'आज आख्यान कुठलं लावायचं' हे ठरवून, हातात लिहिलेला एक शब्द नसताना, पहाटेपर्यंत राजपार्टीने आणि स्त्रीपार्टीने, म्हणजे राजाचं आणि बाईचं काम करणाऱ्या नटांनी, एकमेकांच्या बोलण्यावर बोलणं रचत न्यायचं, हे जे कसब आहे ते ट्रिकसीनच्या धुरात दिसेनासं होतं. मोठं दिसणारं टिकतं, त्याच्या खालचं निसटतं. हे मला कळायला सहा वर्षं लागली आणि त्यात कुठल्या कुठल्या आज्या गेल्या.

म्हणून चार नंबर. किल्ल्या.

तुमच्या गावात वरच्या वाडीत एक काकी राहतात. नाव लिहीत नाही, त्यांना आवडणार नाही. त्यांच्या पडवीत दाराच्या मागे लाकडी फळी आहे आणि फळीवर नऊ खिळे. नऊ खिळ्यांवर नऊ घरांच्या किल्ल्या, तुमच्या घरांच्या. प्रत्येक किल्लीला वेगळ्या रंगाची चिंधी बांधलेली. त्यांना घरं नंबराने माहीत नाहीत, घरमालक मुंबईत कुठे राहतो त्यावरून माहीत आहेत. लाल चिंधी परळ. हिरवी नालासोपारा. निळी डोंबिवली. एका किल्लीला नुसता काळा दोरा होता. मी विचारलं, ही कुणाची? "ती आता येनत नाय." तरीही श्रावणात एकदा आणि दिवाळीत एकदा त्या ते घर उघडतात, वाळवी लागली का बघतात, केर काढतात, देवापुढे दिवा लावतात आणि परत कुलूप घालतात. शिमग्याच्या आदल्या दिवशी त्यांनी सकाळी सातपासून नऊही घरं उघडली, पाणी भरलं, चुली पेटवून बघितल्या, एका घरात विंचू निघाला तो झाडूने ढकलत ढकलत बाहेर काढला. दुपारी तुतारी एक्स्प्रेस आल्यावर तुम्ही सगळे उतरलात, "गाव कसा स्वच्छ ठेवलाय" म्हणालात. रात्री पालखी त्या नऊही अंगणांत नाचली, ओट्या भरल्या, ते ड्रोनमधून छान आलंय. अंगण सारवलं कुणी, ते ड्रोनमधून दिसत नाही.

या अकरा मिनिटांबद्दल तुम्ही म्हणालात, "ह्यात काय दाखवायचं? किल्ल्याच त्या."

काकींचे गुडघे गेलेत. त्यांच्यानंतर ती फळी कुणाच्या पडवीत जाणार, हा प्रश्न तुमच्या कुठल्या सभेच्या विषयपत्रिकेवर आलाय का, मला माहीत करून घ्यायला आवडेल. त्या किल्ल्या गेल्या की नाचायला पालखीला अंगणं कुठून आणणार?

एक जरा लांबचं सांगते. रायगडात मुरूड तालुक्यात कोर्लई आहे, किल्ल्याच्या पायथ्याला. तिथे हजारभर माणसं अजून एक भाषा बोलतात, पोर्तुगीज आणि मराठी यांच्या मिश्रणातून झालेली. ते तिला 'नौ लिंग' म्हणतात, आपली भाषा. पोर्तुगीजांनी तिथलं जवळचं चौल सोडलं १७४० मध्ये. म्हणजे राजा गेला, शिपाई गेले, पावणेतीनशेहून जास्त वर्षं झाली, पण आईने पोराला हाक मारायची भाषा राहिली. तिचा कधी महोत्सव झाला नाही. ती घरात, मासळी निवडताना, भांडताना बोलली गेली म्हणून राहिली. आता तिथलीही पोरं शाळेत मराठी आणि इंग्रजीत शिकतात, घरातलं बोलणं बदलायला लागलंय. मी तिथे गेले तेव्हा एका घरात भाताची पेज करताना दोन बहिणी बोलत होत्या, मला एक अक्षर कळत नव्हतं, आणि मी तासभर कॅमेरा चालू ठेवून बसले. ती फिल्म कधी होणार नाही. पण तो तास आहे.

आता माझ्याकडचं रडगाणं. ते पैशांचं नाही.

माझ्याकडे त्रेचाळीस मिनीडीव्ही कॅसेट आहेत, प्रत्येकी एक तासाच्या. त्यातल्या सात बुरशीने गेल्या. कोकणात पावसाळ्यात चामड्याची चप्पल आठ दिवसांत हिरवी होते, तिथे कॅसेट काय टिकणार. भिंगालाही बुरशी धरते, जाळं पसरल्यासारखी. आमच्याकडे जुना उपाय, कपाटात साठ वॉटचा बल्ब चोवीस तास चालू ठेवायचा. माझं कपाट गेली दहा वर्षं असं उजळलेलं आहे, शेजारच्यांना वाटतं आत देव आहेत. कॅसेटनंतरचं सगळं चौदा हार्ड डिस्कवर. त्यातल्या दोन एका दिवशी टकटक आवाज करायला लागल्या आणि संपल्या. त्यात एका गावची पूर्ण रापण होती. होडी अर्धगोल घेऊन जाळं टाकत जाते तिथपासून ते वाळूत बसून वाटे पाडेपर्यंत, ओढायला हात लावलेल्या प्रत्येकाचा वाटा, अगदी मधेच येऊन दोर धरलेल्या दहा वर्षांच्या पोराचाही. त्या गावात आता रापण लागत नाही. मोठ्या यांत्रिक बोटींपुढे किनाऱ्यापर्यंत मासळीच कमी येते, आणि दोर ओढायला पन्नास हात लागतात ते हात तुमच्याकडे, मुंबईत आहेत. ती रापण परत टिपता येणार नाही.

आणि ही काही माझ्या एकटीची गोष्ट नाही. हलती चित्रं टिपणाऱ्या अगदी पहिल्या भारतीयांपैकी एक माणूस मराठी, हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, सगळे सावेदादा म्हणायचे. १८९९ मध्ये त्याने मुंबईत कुस्ती टिपली. पुढे १९०१ मध्ये रँग्लर परांजपे केंब्रिजहून परत आले, त्यांचं मुंबईतलं स्वागत टिपलं. आपल्याकडचा पहिला वार्तापट म्हणून त्याचं नाव घेतात. आणि हे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे कुठले? दापोली तालुक्यातल्या मुर्डीचे. म्हणजे या देशातल्या पहिल्या बातमीपटाचा नायक आपला कोकणी माणूस. ती फीत आज बघायला मिळत नाही. चाललेला माणूस होता, टोप्या उडवणारी गर्दी असेल, बोटीवरचं सामान असेल. आपण फक्त नाव घेतो.

तेव्हा कुणाला कळत नव्हतं, हे मान्य. आता कळतं.

मला तुमच्याकडून काय हवंय ते सांगते. माझ्या नावाचा सत्कार नको. शाल-श्रीफळाच्या माझ्याकडे बारा शाली झाल्यात, उन्हाळ्यात कोकणात शालीचं करायचं काय?

तुमची वीस मिनिटांची फिल्म मी करून देते. ड्रोन घालते, देणगीदार घालते, आमदार आले तर तेही घालते. महोत्सवाला तीच लावा, मला वाईट वाटणार नाही. पण एक तास बावन्न मिनिटांची आहे तीही तुम्ही स्वीकारायची, जशी आहे तशी. आणि तिच्यामागचं जे न वापरलेलं आहे, एकतीस तासांचं, तेही. दोन हार्ड डिस्क विकत घ्या. चार टीबीच्या. तुमच्या गेल्या शिमग्याच्या साऊंडवाल्याचं एका रात्रीचं बिल मी पाहिलंय, मला सांगू नका परवडत नाही. एक डिस्क मुंबईत मंडळाच्या कपाटात, एक गावात. गावात देवळात ठेवू नका, तेल आणि धूप यांनी वाट लागेल. शाळेत ठेवा, मास्तरांच्या कपाटात. वर्षातून दोनदा लावून बघायची, चालते का. पाच वर्षांनी नवी घेऊन तिच्यावर उतरवायची. हे काम मंडळातल्या कॉम्प्युटर येणाऱ्या पोराला द्या, त्याला एरवी बॅनरचं डिझाइन करायलाच बोलावता.

हे जमत नाही असं म्हणणाऱ्यांनी कुडाळजवळच्या पिंगुळीला जाऊन यावं. ठाकर समाजाच्या चित्रकथीच्या, म्हणजे चित्रं दाखवत सांगायच्या कथांच्या, जुन्या पोथ्या आणि कळसूत्री बाहुल्या परशुराम गंगावणे यांच्या घरच्यांनी गुरांच्या गोठ्याचं संग्रहालय करून त्यात सांभाळल्या. सरकार इमारत बांधेल याची वाट बघितली नाही. २०२१ मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली, पण गोठा आधी झाला, पद्मश्री नंतर. तुमच्याकडे तर नऊ रिकामी घरं आहेत.

आणि हे सगळं मी फार शहाणी म्हणून बोलत नाहीये. एक माझंही सांगायला हवं, नाहीतर हे पत्र खोटं ठरेल.

सहा-सात वर्षांपूर्वी एका जत्रेत दशावताराच्या नटांची तयारी टिपत होते. देवळाच्या बाजूच्या धर्मशाळेत, पेटाऱ्याला नमस्कार झाला होता, अकरा वाजले होते. स्त्रीपार्टी करणारे एक दादा पत्र्याच्या ट्रंकेवर बसून छोट्या आरशात बघत सफेदा लावत होते. बाजूला मच्छर अगरबत्ती. एका हाताने भुवई काढता काढता दुसऱ्या हातात फोन, घरी म्हैस व्यायली की नाही ते विचारत होते. निम्मा चेहरा द्रौपदीचा, निम्मा त्यांचा. मला ते इतकं सुंदर वाटलं की मी चाळीस सेकंदांचा तुकडा त्याच रात्री इंटरनेटवर टाकला. विचारलं नाही. सकाळपर्यंत तो हजारोंनी बघितला आणि खाली जे लिहिलं गेलं ते मी इथे लिहिणार नाही. त्यांचा मुलगा कॉलेजला होता. त्याने मला फोन केला, आवाज चढवला नाही, फक्त म्हणाला, "ताई, काढाल का ते?" मी लगेच काढलं. पण लोकांनी उतरवून घेतलेलं होतं, ते फिरतच राहिलं. दादा मला एका शब्दानेही बोलले नाहीत. पुढच्या वर्षी त्याच जत्रेत गेले, तर धर्मशाळेत त्यांनी आपल्या ट्रंकेसमोर दोरी बांधून चादर टाकलेली होती. आधी कधी नव्हती. मी त्या चादरीच्या अलीकडे बसले, कॅमेरा बंद करून.

म्हणून सांगते, ठेवायचं म्हणजे सगळ्यांना दाखवायचं असं नाही. डिस्क कपाटात असू दे. कुणाला दाखवायचं, कुणाला नाही, ते त्यातली माणसं ठरवतील, त्यांच्यानंतर त्यांची मुलं. बाहेरच्याला द्यायचं तर आधी त्यांना विचारायचं. मलाही, मी टिपलेलं असलं तरी.

शेवटचं एक काम आहे, त्याला पैसे लागत नाहीत, चष्मे लागतील. माझ्याकडच्या चित्रणात कितीतरी चेहऱ्यांना नावं नाहीत. मी तेव्हा लिहून घ्यायला हवी होती, नाही घेतली. मंडळाच्या पुढच्या मासिक सभेला मी लॅपटॉप घेऊन येते. महोत्सवाचा विषय अर्ध्या तासात संपवा आणि उरलेला वेळ मला द्या. साठीच्या वरच्यांनी यायचं, बायकांनी तर यायचंच, मंडळाच्या सभेला त्या फारशा दिसत नाहीत पण नावं त्यांनाच माहीत असतात. मी चेहरा थांबवीन, तुम्ही नाव सांगायचं, वाडी सांगायची, कुणाची कोण ते सांगायचं. मी वहीत लिहीन.

एक चेहरा आत्ताच विचारते, कुणी वाचता वाचता ओळखलं तर बरं. २०११ चा शिमगा, सहाणेच्या डाव्या बाजूचा आंबा आहे त्याच्याखाली. साठ-पासष्टच्या बाई. जांभळं लुगडं, बारीक पिवळा काठ. हातात कोयती, बहुतेक होळीला फांद्या तोडून येत होत्या. डाव्या कानात कुडी आहे, उजव्यात नाही. कॅमेऱ्याकडे बघून थांबतात, मला म्हणतात, "माझा काय काढतंस, माझी सून काढ, ती बरी गाता," आणि निघून जातात. सून कुठली ते मी विचारलं नाही. सुनेचं गाणं माझ्याकडे नाही.

तुमची,
शूटिंगवाली बाय